आजी काल काय जेवल्या?

नीटचा निकाल लागला की अनेक घरांत एकच चर्चा सुरू होते. मार्क थोडक्यात गेले, आता काय? बीडीएस, बीएएमएस, फार्मसी, नर्सिंग एवढी नावं घेऊन झाली की सगळे गप्प बसतात. वयस्क माणसांचं आरोग्य, आहार आणि शुश्रूषा यांवरचं संशोधन त्या यादीत कुणी धरत नाही. ते धरायला हवं, आणि मेडिकल हुकल्यावरचा चौथा पर्याय म्हणून नको, पहिल्या पसंतीचं म्हणून, असं मला मनापासून वाटतं. २०११ च्या जनगणनेतच देशात साठीपुढची माणसं १० कोटींहून अधिक होती. त्यांच्याविषयी नेमकं ठाऊक असलेलं फार थोडं आहे.

‘म्हाताऱ्यांवर संशोधन म्हणजे दिवसभर करायचं काय?’ असं पालक विचारतात. प्रश्न रास्त आहे. म्हणून एक साधं काम जवळून पाहू.

आहाराची पाहणी करणारी मुलगी एका घरी जाते आणि आजींना विचारते, “काल दिवसभरात काय काय खाल्लंत?” उत्तर येतं, “नेहमीचंच.” खरं काम इथून सुरू होतं. सकाळी उठल्यापासून एकेक गोष्ट काढून घ्यायची. चहा किती वेळा, साखर किती, बरोबर बिस्किटं होती का? भाकरी पूर्ण खाल्ली की आमटीत कुस्करून अर्धी? आमटीची वाटी केवढी? त्यासाठी तिने मापाच्या वाट्या सोबत आणलेल्या असतात. बोलता बोलता कळतं, की कवळी नीट बसत नाही म्हणून शेंगदाणे आणि उसळी कधीच्या बंद झाल्या आहेत. रात्री लघवीला उठावं लागतं म्हणून संध्याकाळनंतर पाणीही नको. सून मधेच सांगते, “आई सगळं खातात हो.” सुनेचं म्हणणं वेगळं आणि आजींचं वेगळं टिपायचं. कुणालाही खोटं पाडायचं नाही.

हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेच्या २०२० च्या शिफारशीनुसार प्रौढ माणसाला वजनाच्या दर किलोमागे रोज ०.८३ ग्रॅम प्रथिनं हवीत. म्हणजे ५० किलोच्या आजींना साधारण ४१ ग्रॅम. पातळ आमटी, अर्धी भाकरी आणि चहा-बिस्किटांत तेवढी कुठून येणार? उतारवयात याहून जास्त लागतात, असं मांडणारे अभ्यासक जगभर आहेत. दात नाहीत, भूक मंदावली आहे, आठवड्यात दोन उपवास आहेत, अशा ताटात ती कशी बसवायची, हा खुला प्रश्न आहे. त्याचं उत्तर शोधायला आपलं स्वयंपाकघर माहीत असलेलीच माणसं लागतील.

दुसरं काम मोजमापाचं. हाताची पकड मोजायचं एक लहान यंत्र असतं. कोपर काटकोनात ठेवून मूठ पूर्ण ताकदीने आवळायची, आकडा किलोत येतो. आशियाई तज्ज्ञगटाच्या २०१९ च्या निकषांनुसार पुरुषांत २८ आणि स्त्रियांत १८ किलोंपेक्षा कमी पकड म्हणजे स्नायूंची ताकद घटलेली. वजनकाट्यावर हे कळेलच असं नाही, कारण स्नायू झिजून चरबी वाढली तर वजन तेवढंच राहतं. मग एक दिवस माणूस न्हाणीघरात पडतो, खुब्याचं हाड मोडतं, आणि घरच्यांना वाटतं की सगळं अचानक झालं.

मुंबईत देवनारला आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्था आहे. तिने २०१७-१८ मध्ये ‘लासी’ या पाहणीत पंचेचाळिशीपुढची माणसं आणि त्यांचे जोडीदार मिळून ७२ हजारांहून अधिक जणांची माहिती घरोघरी जाऊन गोळा केली. त्यात पकड, रक्तदाब, स्मरणशक्ती, कुटुंब, उत्पन्न सगळं आलं. ही माहिती अभ्यासकांना अर्ज करून मिळते, एम.ए.-एम.एस्सी.च्या विद्यार्थ्यांनाही प्रबंधासाठी वापरता येते. म्हणून संख्याशास्त्र, अर्थशास्त्र, भूगोल घेतलेल्यांनी हे क्षेत्र आपलं नाही असं समजू नये. बंगळुरूच्या मेंदू संशोधन केंद्राची माणसं कोलार जिल्ह्यातल्या श्रीनिवासपूरच्या गावकऱ्यांचा वर्षानुवर्षं पाठपुरावा करताहेत; स्मृतिभ्रंशाकडे माणूस कसा सरकतो, हे त्यांना समजून घ्यायचं आहे. तिथे मानसशास्त्राच्या पदवीधराला काम आहे.

आहाराकडे ओढा असेल तर बारावीनंतर गृहविज्ञान किंवा पोषणशास्त्र घ्यावं. एसएनडीटीसारख्या विद्यापीठांत ते शिकवतात, आणि पुढे हैदराबादच्या पोषण संस्थेची एम.एस्सी.ची प्रवेश परीक्षा देता येते. फिजिओथेरपी आणि ऑक्युपेशनल थेरपीची मुलंही इथे हवीच असतात. २०२१ च्या कायद्याने आहारतज्ज्ञांसह या पेशांसाठी राष्ट्रीय आयोगाची तरतूद झाली आहे. एमबीबीएस झालेल्यांना वार्धक्यशास्त्रात एम.डी. करता येतं, चेन्नईच्या मद्रास मेडिकल कॉलेजने तो अभ्यासक्रम १९९६ मध्येच सुरू केला.

आता पैशांचं, कारण आईवडिलांना खरी काळजी त्याची असते. नेट परीक्षेतून जेआरएफ मिळाली तर २०२३ पासून महिना ३७ हजार रुपये मिळतात, दोन वर्षांनी ४२ हजार. पण ती सगळ्यांना मिळत नाही. प्रकल्पातल्या नोकऱ्या बहुतेक कंत्राटी असतात, प्रकल्प संपला की नवा शोधावा लागतो. पीएच.डी. होईतो तिशी जवळ येते. हे घरात आधीच मोकळेपणी बोलून घ्यावं, विशेषतः मुलीच्या लग्नाची घाई असलेल्या घरांत. मध्येच शिक्षण तुटलं तर सर्वांत जास्त नुकसान तिचंच होतं. एम.एस्सी.नंतर थांबायचं ठरवलं तरी रुग्णालयांतला आहार विभाग, वयस्करांसाठी काम करणाऱ्या संस्था आणि पोषक पदार्थ बनवणाऱ्या कंपन्या आहेत.

कल आहे की नाही, हे पाहायला फी लागत नाही. घरातल्या किंवा शेजारच्या आजोबांचं तीन दिवसांचं खाणंपिणं, त्यांना न टोकता, वाटी-चमच्याच्या मापात लिहून काढावं. दुसऱ्या दिवशीच कंटाळा आला तर वेळीच कळलं. चौथ्या दिवशी ‘हे दूध का पीत नाहीत?’ असा प्रश्न पडला तर प्रवेशाचे अर्ज मागवावेत. अर्ज भरताना अभ्यासक्रमात संख्याशास्त्राचा पेपर आहे का आणि शेवटच्या वर्षाला प्रत्यक्ष क्षेत्रकार्य असतं का, या दोन गोष्टी कॉलेजात जाऊन विचाराव्यात. माहितीपत्रकावर विसंबू नये.