सिल्मारिल : प्रकाशाचें शिल्प आणि त्याची मालकी



दगड, लांकूड, माती आणि धातु हीं शिल्पकाराचीं नित्याचीं साधनें होत. परंतु कोणी प्रकाशाचेंच शिल्प घडविलें तर? आणि तें घडविल्यावर त्यांतील प्रकाश कोणाचा म्हणावयाचा? एका कल्पित जगाच्या कथेंत हा प्रश्न फार खोलवर मांडलेला आहे. ती कथा आज आपण अभ्यासासाठीं घेऊं.

इंग्रज ग्रंथकार जे. आर. आर. टोल्कीन (१८९२–१९७३) हे ऑक्सफर्ड विद्यापीठांत प्राध्यापक होते. प्राचीन इंग्रजी भाषा व वाङ्मय हा त्यांच्या व्यासंगाचा विषय. पहिल्या महायुद्धाच्या काळांत त्यांनीं आपल्या मनांतील जगाच्या पुराणकथा लिहावयास घेतल्या आणि जन्मभर त्या पुनःपुन्हा घांसून लिहिल्या. त्यांच्या मृत्यूनंतर त्यांचे चिरंजीव ख्रिस्तोफर यांनीं त्या संपादून १९७७ सालीं ‘द सिल्मारिलियन’ या नांवानें प्रसिद्ध केल्या. ज्या तीन रत्नांवरून ग्रंथास हें नांव मिळालें, तेंच आपलें प्रकाशशिल्प.

प्रथम त्या प्रकाशाचा उगम पाहूं. सूर्यचंद्र निर्माण होण्यापूर्वीं वालिनोर नांवाच्या भूमींत दोन वृक्ष प्रकाश देत. वनस्पतींची माता यावान्ना हिच्या गीतानें ते उगवले होते. टेलपेरिऑनचा प्रकाश रुपेरी, तर लॉरेलिनचा सोनेरी. प्रत्येक वृक्ष ७ तासांत पूर्ण तेजास चढे व पुन्हा मालवे. परंतु एक मालवण्यापूर्वीं तासभर दुसरा जागा होई. म्हणून तेथील दिवस ७ आणि ७ मिळून १४ तासांचा न होतां १२ तासांचा होई, आणि दिवसांतून दोन वेळां रुपें व सोनें एकमेकांत मिसळून मृदु प्रकाश पसरे.

एल्फ जातीचा राजपुत्र फेआनोर हा त्या भूमींतील सर्वश्रेष्ठ कारागीर. त्यानें हा मिश्र प्रकाश तीन रत्नांत सांठविला. त्यांचें कवच हिऱ्याहून कठीण, आणि आंतील प्रकाश जणू जिवंत! खोल कोठारांतील काळोखांतही तीं ताऱ्यांप्रमाणें चमकत. पहिल्यानें उत्सवप्रसंगीं फेआनोर तीं मस्तकावर धारण करी. पुढें मात्र पिता व आपले सात पुत्र यांखेरीज कोणाच्या दृष्टीस तीं पडूं नयेत, असें त्यास वाटूं लागलें. आंतील प्रकाश आपण निर्माण केला नाहीं, याचें त्याला क्वचितच स्मरण राहिलें.

मग तो दारुण दिवस आला. दुष्ट मेल्कोरनें दोन्ही वृक्षांस भाला मारला, आणि त्याची साथीदार, राक्षसी कोळीण उन्गोलिअंट, हिनें त्यांचा रस शोषून मुळांत विष भिनविलें. यावान्ना म्हणाली कीं, रत्नांतील थोडा प्रकाश मिळाला तर मुळें कुजण्यापूर्वीं वृक्ष वांचवितां येतील. परंतु त्यासाठीं रत्नें फोडावीं लागणार होतीं.

येथें घाईनें फेआनोरचा धिक्कार करूं नका. तो म्हणाला कीं, कांहीं कृति कर्त्याच्या हातून एकदांच घडते. ती मोडली तर त्याचें काळीजही मोडेल. सभेंतील एकानें त्यास लवकर उत्तर देण्याविषयीं दटाविलें, तेव्हां कारागिरांचा अधिपति औले यानेंच त्यास आवरलें. आपण केवढी मोठी गोष्ट मागत आहों, हें स्वतः घडविणाऱ्यालाच ठाऊक! शेवटीं फेआनोरनें नकार दिला. इतक्यांत दूत वार्ता घेऊन आले : मेल्कोरनें फेआनोरच्या पित्यास ठार करून रत्नें पळविलीं होतीं.

म्हणजे त्यानें होकार दिला असता, तरी देण्यास रत्नें उरलीं नव्हतीं! मग होकार आणि नकार यांत अंतर तें काय? माझ्या मतें हाच या पाठाचा गाभा आहे. अंतर वृक्षांच्या दैवांत पडलें नसतें. तें फेआनोरच्या पुढील आचरणांत पडलें असतें. ‘माझें’ या शब्दाला घट्ट धरून तो सभेंतून निघाला. रत्नें परत मिळविण्याची घोर शपथ त्यानें पुत्रांसह घेतली आणि समुद्र ओलांडण्यासाठीं टेलेरी लोकांपाशीं त्यांचीं शुभ्र गलबतें मागितलीं. त्यांचा राजा ओल्वे उत्तरला कीं, हीं आमच्या अंतःकरणाची कृति आहे, अशीं पुन्हा आमच्या हातून होणार नाहींत. फेआनोरनें स्वतः दिलेलें कारण तें हेंच! पण दुसऱ्याच्या तोंडून तें त्यास ऐकूं आलें नाहीं. त्यानें रक्तपात करून गलबतें घेतलीं, आणि काम होतांच तीं जाळून टाकलीं.

पुढें दीर्घ युद्धांनंतर एक रत्न आकाशांत तारा होऊन राहिलें, दुसरें समुद्रांत गेलें व तिसरें पृथ्वीच्या पोटांतील अग्नींत. मरणाऱ्या वृक्षांनीं मात्र जातां जातां एक फूल व एक फळ दिलें. त्या फुलाचा चंद्र झाला आणि फळाचा सूर्य.

मुलांनों, तुमच्यांतील कोणी चित्र काढतो, कोणी पेटी वाजवितो, कोणी गणितांत चतुर असतो. श्रम तुमचे, यांत शंका नाहीं, आणि त्यांचा अभिमानही योग्य आहे. परंतु ज्या प्रकाशावर ते श्रम झाले, तो आईबाप, गुरुजन व पूर्वीचे कारागीर यांजकडून आला, हें विसरूं नका. पालकांसही विनंति कीं, मुलाच्या हातची वस्तु दुसऱ्यास देण्यास सांगण्यापूर्वीं औलेप्रमाणें त्यास क्षणभर अवधि द्यावा.

विचारासाठीं प्रश्न :
१. फेआनोरचा नकार समजण्यासारखा होता काय? समजण्यासारखा आणि योग्य यांत भेद कोणता?
२. फेआनोर व ओल्वे यांनीं एकच कारण दिलें. दोघांच्या प्रसंगांत फरक कोणता?
३. तुमच्या कोणत्या कौशल्यांत दुसऱ्याचा प्रकाश आहे?