न निघालेला काटा

शास्त्रपाठ : २ करिंथ १२:७-१०

साक्ष शिकवताना आपण बहुधा मार्काच्या पाचव्या अध्यायातील गरसेकरांच्या प्रदेशातला मनुष्य घेतो. तो शुद्धीवर आला, आणि प्रभूने त्याला घरी जाऊन आपल्या माणसांना सांगण्यास पाठवले. वर्गात हा धडा सोपा जातो. पण रोजच्या गोळीनेच ज्याचे मन ठिकाणावर राहते, ज्याचा आजार कदाचित जन्मभर सोबत राहील, त्याने कोणती साक्ष द्यावी?

पौलाने तीन वेळा विनंती केली. काटा निघाला नाही. तरी त्याने ती गोष्ट करिंथच्या मंडळीला लिहिली. पत्र सर्वांसमोर वाचले जाणार हे त्याला ठाऊक होते, आणि त्याला दुबळा म्हणून हिणवणारेही तेथेच बसले होते (१०:१०). त्यांच्या हाती आयते कोलीत देण्यासारखेच ते होते. मात्र काटा म्हणजे नेमके काय, हे त्याने लिहिले नाही. डोळ्यांचे दुखणे, हिवताप, फेफरे असे तर्क पंडित आजवर करीत आले आहेत, करोत बापडे. किती सांगायचे ते पौलाने ठरवले.

धारवाडचे मनोरुग्णालय १८४५ पासूनचे. आज त्याला डिम्हान्स म्हणतात. हुबळीहून तेथे औषधाला जाणाऱ्याने शेजाऱ्याला ‘पेढे आणायला गेलो होतो’ असे सांगावे, यात नवल नाही. मुलीचे लग्न ठरायचे असते. पण मंडळीतच एक निराळा प्रकार घडतो. प्रार्थनासभेत कोणी उठून म्हणते, ‘अमक्यांच्या सुनेचे डोके बिघडले आहे, तिच्यासाठी प्रार्थना करा.’ तिला विचारलेले नसते. ही विनंती नव्हे, चहाडी आहे. २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्यानेही रुग्णाला आपली माहिती गुप्त राखण्याचा हक्क दिला आहे.

स्वतः होऊन बोलणे वेगळे. कॅनडातील कॅल्गरी येथील मराठी प्राध्यापक डॉ. जगन्नाथ वाणी यांच्या घरी स्किझोफ्रेनियाचे दुखणे होते. त्यांनी १९९७ मध्ये पुण्यात स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन उभी केली. तिच्या गटांत रुग्ण व नातेवाईक आपापले अनुभव सांगतात आणि इतर ऐकतात. २००४ च्या ‘देवराई’ चित्रपटामागेही वाणींचे पाठबळ होते. ते आपल्या मंडळीतले नव्हेत. पण असे ऐकून घेणारी बैठक आपल्या किती मंडळ्यांत आहे?

ऐकणाऱ्यांनी एक पथ्य पाळावे. ‘विश्वास ठेव, गोळ्या सोड’ असे कोणालाही सांगू नये. एकाएकी औषध सोडल्याने आजार पुन्हा उसळतो, आणि पौलाला तर कृपा पुरेशी आहे असे उत्तर काट्यासकटच मिळाले होते.

वर्गासाठी प्रश्न : उपासनेत कोणी उभा राहून ‘मला स्किझोफ्रेनिया आहे, मी औषध घेतो’ एवढेच बोलून खाली बसला, तर बाहेर पडताना आपण त्याच्याशी पहिले वाक्य कोणते बोलू? सर्व उत्तरे फळ्यावर लिहावीत. ‘विश्वास कमी पडला’ असे कोणी म्हणाले तर तेही लिहावे, आणि मग शास्त्रपाठ पुन्हा मोठ्याने वाचावा.