चुन्याची निवळी आणि प्रवाळाची टाकी



आपल्या सोलापुरात बोअरच्या पाण्याने हीटरच्या कॉइलवर पांढरा थर बसतो, मुलं तो रोज बघतात. त्यावरून वर्गात प्रश्न आला, "सर, प्रवाळ पण चुन्याचाच ना? मग बोअरच्या पाण्यात मीठ टाकून घरी पाळता येईल का?"

नाही येणार. नुसतं कॅल्शियम असून भागत नाही, प्रमाण लागतं. समुद्राच्या एक लिटर पाण्यात कॅल्शियम साधारण 400 मिलिग्रॅम, मॅग्नेशियम त्याच्या तिप्पट, शिवाय बायकार्बोनेट. म्हणून टाकीसाठी आरओच्या पाण्यात खास समुद्री मीठ मिसळतात.

प्रवाळ सांगाडा बांधतो तेव्हा कॅल्शियम आणि कार्बोनेट दोन्ही खर्च होतात. ती तूट भरायला जगभर बरेच हौशी लोक काय वापरतात? आपली प्रयोगशाळेतली चुन्याची निवळी! पण थेंबथेंब, आणि पाणी तपासूनच. एकदम ओतली तर सामू चढतो आणि कॅल्शियम कार्बोनेटचा साका तळाशी बसतो, दोन्ही घटक वाया. मॅग्नेशियम हा साका धरू देत नाही. ते घटलं की पंपावर तोच हीटरवरचा थर!

वर्गात दाखवायचं तर निवळीत खाण्याच्या सोड्याचं पाणी घाला, लगेच दुधाळ होतं. चुना शिक्षकांनीच हाताळावा, डोळ्यांना घातक असतो.

आणि पालकहो, मालवणच्या समुद्रात खरे प्रवाळ आहेत, पण वन्यजीव संरक्षण कायद्याच्या अनुसूची 1 मुळे ते तोडणं, विकणं गुन्हा आहे. सहलीला गेलात तर पाण्यातच बघा, तुकडाही पिशवीत घालू नका.