दसऱ्याचा झेंडू आणि डिसेंबरातला टोमॅटो

टोमॅटोच्या वाफ्याभोवती झेंडू लावला की कीड फिरकत नाही, हा समज कर्जत-खालापूरच्या परसबागांत पक्का रुजला आहे. नेरळ, कडाव, चौक, खोपोली, कुठेही जा. टोमॅटोशेजारी झेंडू दिसतोच. डिसेंबरात मात्र फळ कापावे तर आत अळी. मग लोक झेंडूवर चिडतात, हळूहळू मिश्र लागवडच सोडून देतात. ती सुटू नये, असे मला मनापासून वाटते.

झेंडू या अळीला पळवत नाही, उलट बोलावतो. फळ पोखरणाऱ्या अळीचा पतंग अंडी घालायला झेंडूच्या कळ्या-फुलांकडे ओढला जातो. याच सवयीवर बंगळुरूच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेची शिफारस उभी आहे: टोमॅटोच्या 16 ओळींमागे उंच आफ्रिकन झेंडूची एक ओळ, आणि लागवडीच्या वेळी झेंडूचे रोप 40 ते 45 दिवसांचे, तर टोमॅटोचे साधारण 25 दिवसांचे. वयातला हा फरक अशासाठी, की दोघांना फूल एकाच वेळी यावे.

आपल्याकडे नेमके इथेच बिनसते. झेंडू लावला जातो दसऱ्यासाठी, भर पावसात. दसरा-दिवाळीच्या तोरणांत फुले संपतात. टोमॅटो लागतो पाऊस सरल्यावर, आणि तो फुलावर येईपर्यंत झेंडूची झाडे वाळून गेलेली असतात. सापळा हवा असेल तर सप्टेंबरात झेंडूचे बी वेगळे टाकावे लागते. शिवाय अळी लागलेल्या कळ्या दिवसाआड खुडून साबणाच्या पाण्यात बुडवाव्या लागतात. नाही खुडल्या तर त्याच अळ्या तिथे पोसतात आणि पुढची पिढी टोमॅटोवर उतरते. शनिवार-रविवारीच उघडणाऱ्या बंगल्याच्या बागेत, रोज पाहणारे कुणी नसेल तर, हा प्रयोग करू नये असे माझे स्पष्ट मत आहे.

दसऱ्याचा झेंडू म्हणून वाया जात नाही. त्याच्या मुळांतून सूत्रकृमींना मारक द्रव्य सुटते. टोमॅटो, वांगी, भेंडी यांच्या मुळांवर गाठी आणणारे हेच सूत्रकृमी. पण कडेला लावलेली चार झाडे त्यासाठी पुरत नाहीत. अख्ख्या वाफ्यात दाट झेंडू दोनेक महिने वाढू द्यावा आणि तो काढल्यावर त्याच जागी टोमॅटो लावावा. तोरणही होते, जमीनही सुधारते.

जोडीच्या पिकांचे तक्ते बहुतेक थंड, कमी पावसाच्या देशांतून येतात. वर्षाला 3000 मिलिमीटरच्या पुढे पाऊस घेणाऱ्या या पट्ट्यात जूनपासून सप्टेंबरपर्यंत पहिला प्रश्न हवेचा असतो. दाटीत पाने वाळत नाहीत, बुरशी धरते, रोपे कुजतात. म्हणून पावसाळ्यात वाफे उंच हवेत, अंतर मोकळे हवे आणि वेल मांडवावर हवेत. शिराळी-पडवळाच्या मांडवाखालच्या विरळ सावलीत हळद किंवा आले चांगले येते, मात्र पाणी साचता कामा नये. भातखाचराच्या बांधावर तूर लावण्याची रीतही अशीच जुनी आणि शहाणी: खाचरात पाणी तुंबलेले असले तरी तुरीच्या मुळांना बांधावर निचरा मिळतो.

काकडीशेजारी फळमाशीसाठी तुळस लावणारेही भेटतात. तुळशीतले मिथाइल युजेनॉल आंब्यावरच्या फळमाशीच्या नराला खेचते. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाचा आंब्यासाठीचा ‘रक्षक’ सापळाही याच द्रव्यावर चालतो. काकडी-शिराळ्याची फळमाशी वेगळी. तिचा नर क्यू-ल्युअर या दुसऱ्या गंधद्रव्याला भुलतो. तेव्हा मांडवात क्यू-ल्युअरचाच सापळा टांगावा आणि डंख बसलेली फळे रोज वेचून खोल पुरावीत; कंपोस्टच्या ढिगावर टाकली तर माश्या तिथूनच निघतात.