रात्री कोण आलं होतं?

नळाला नेमकं आजच पाणी आलेलं असतं. वाळूजला जाणारी कंपनीची बस गाठायची असते, खाली रिक्षावाले काका हॉर्न वाजवत असतात. आणि तेव्हाच लेकरू सांगायला लागतं, "आई, रात्री ना एक प्राणी आला होता..."

"असं काही नसतं रे. दूध संपव आधी," आपण म्हणून जातो. सगळ्यांच्याच घरी हे होतं. माया कमी नसते, वेळ कमी असतो. शिवाय मनात एक धास्तीही असते. खोदून विचारलं तर भीती आणखी बसेल का? मोबाइलवर काही भलतंसलतं पाहिलं असेल का?

पण मुलाच्या लेखी तो प्राणी खरोखरच आलेला असतो. "काही नसतं" म्हटल्यानं तो जात नाही, मूल मात्र त्याच्यासोबत एकटं पडतं. आणि यात काळजी करण्यासारखंही फारसं नाही. मुलांच्या स्वप्नांचा वर्षानुवर्षं अभ्यास करणाऱ्या डेव्हिड फाउल्क्स यांनाही लहान मुलांच्या स्वप्नांत प्राणी वरचेवर आढळले होते.

आमच्या घरी आम्ही याचं एक शास्त्रच करून टाकलंय, स्वप्नप्राणीशास्त्र. लेक शास्त्रज्ञ, मी तिची मदतनीस. एका जुन्या वहीत नोंदी होतात. प्राणी राहतो कुठे? खातो काय? ओरडतो कसा? आणि त्याला स्वतःला कशाची भीती वाटते?

या शेवटच्या प्रश्नापाशी मुलं थबकतात, विचार करतात. वहीत पंख्यावर बसणारा एक काळा प्राणी आहे. त्याला पाय सहा आणि चपला मात्र चारच. दोन पाय गार पडतात म्हणून तो रात्री ओरडतो, हे लेकीनंच शोधून काढलं. मग रंगीत खडूनं तिनं त्याला दोन मोजे काढून दिले.

वरचेवर वाईट स्वप्नं पडणाऱ्यांसाठी तज्ज्ञही काहीसं असंच करवून घेतात. दिवसा, जागेपणी स्वप्नाचा शेवट बदलायचा आणि तो नवा शेवट मनात घोळवायचा. फक्त शेवट मुलानं ठरवावा, आपण सुचवायची घाई करू नये.

जमलं तर स्वप्नांच्या अशाच गोष्टी पाहायला मुलांना अजिंठ्याला घेऊन जा. छत्रपती संभाजीनगर शहरापासून शंभरेक किलोमीटर, फक्त सोमवार टाळा, लेणी बंद असतात. ५व्या शतकातल्या २ क्रमांकाच्या लेण्यात बुद्धांच्या आईचं, मायादेवीचं स्वप्न रंगवलंय. तिच्या स्वप्नात पांढरा हत्ती आला होता. तिच्या पतीनं, राजा शुद्धोदनानं ते हसण्यावारी नेलं नाही, जाणकारांना बोलावून अर्थ विचारला. तो प्रसंगही तिथे आहे.

त्याच लेण्यात हारीती आहे. कथेत ती मुलं पळवून खाणारी यक्षी. बुद्धांनी तिचंच लाडकं लेकरू लपवलं, तेव्हा ती कासावीस झाली. इतर आयांचं दुःख तिला कळलं आणि ती मुलांची राखणदार बनली. तिच्या मूर्तीखाली छडीवाले गुरुजी आणि त्यांची पोरं कोरली आहेत, ती मुलांना जरूर दाखवा. ज्याची भीती वाटते त्याचंही काही दुखत असेल, हे मुलांना या गोष्टीतून चटकन कळतं.

एक फरक मात्र लक्षात असू द्या. वाईट स्वप्नं बहुधा पहाटेकडे पडतात, मूल जागं होऊन आपल्याला बिलगतं. काही मुलं मात्र झोप लागल्यावर पहिल्या काही तासांतच किंचाळत उठतात, डोळे उघडे असूनही आपल्याला ओळखत नाहीत. तेव्हा त्यांना हलवून जागं करू नका. लागणार-पडणार नाही एवढं पाहत जवळ बसा. सकाळी त्यांना बहुतेकदा काहीच आठवत नाही, म्हणून उलटतपासणीही नको. भीतीनं मूल झोपायलाच नको म्हणत असेल, किंवा एखाद्या धक्क्यानंतर हे सुरू झालं असेल, तर बालरोगतज्ज्ञांना जरूर दाखवा.

बाकी रोज सकाळी वही उघडायला कुणाला फुरसत आहे? घाईत एवढंच म्हणा, "मला ऐकायचंय, रात्री जेवताना सांग." आणि जेवताना आठवणीनं आपणच विचारा. आईबाबा विसरले असं एक-दोनदा वाटलं, की मूल पुन्हा सांगायला येत नाही.