मिचियोने फाडलेलं पत्र

चि. मुक्ता,


तुझं पत्र दोनदा वाचलं. 'मेशी' बघून तुला रडू आलं नाही, संताप आला. "एवढं करून मिचियो शेवटी नवऱ्याकडे परतच गेली ना, मावशी?" हा तुझा प्रश्न दोन दिवस डोक्यातून जात नाही.

मिकिओ नारुसेचा हा सिनेमा 1951 चा. जपानीत मेशी म्हणजे भात, आणि जेवणही. ओसाकाच्या गल्लीतलं छोटं घर. नवरा मेजाशी बसलेला, मिचियो मिसोचं सूप करते आहे. काल हेच, उद्या हेच, वर्षाचे 365 दिवस हेच. तो मारत नाही, पिऊन धिंगाणा घालत नाही. म्हणूनच तिला तक्रार मांडता येत नाही. तुझंही तेच आहे, बाळा. "तुला काय कमी आहे?" असं कुणी विचारलं की तुझी वाचाच बसते.

माहेरी, तोक्योला गेल्यावर ती आधी काय करते, आठव. झोपते. कितीतरी झोपते, आणि आई तिला झोपू देते. मिचियो झालेल्या सेत्सुको हाराचा तो थकलेला चेहरा मी विसरू शकत नाही. मग ती नात्यातल्या भावाला नोकरी बघायला सांगते. रस्त्यात जुनी मैत्रीण भेटते, युद्धात नवरा गेलेली, पेपर विकून मूल वाढवणारी. बाहेरचं जग किती महाग आहे, हे तिला तिथे दिसतं.

शेवटाबद्दल मात्र एक लक्षात ठेव. मूळ कादंबरी फुमिको हायाशीची, वर्तमानपत्रात क्रमशः येत होती. ती अपुरी टाकून हायाशी त्याच वर्षी जूनमध्ये गेल्या. मिचियोला परतीच्या गाडीत बसवलं ते सिनेमावाल्यांनी. बाईचं सुख कदाचित यातच, हे त्या गाडीतलं बोलणंही त्यांचंच. तो तुझ्यासाठी निकाल समजू नकोस.

मला सलतं ते वेगळंच. तिने नवऱ्याला लिहिलेलं पत्र टाकलंच नाही. गाडीत फाडलं, कपटे खिडकीबाहेर सोडले. शेजारी तो झोपलेला. तिच्या मनात काय होतं ते त्याला कधी कळलंच नाही.

तू राहायचं की निघायचं, हे मी सांगणार नाही. पण जे मला चार पानं लिहिलंस, ते आधी तुझ्या नवऱ्याला लिही, आणि त्याच्या हातात दे. मग आठ दिवस इकडे ये. बी.एड.ची प्रमाणपत्रं घेऊन ये, इथल्या शाळांत चौकशी करू. ती नंतर. आधी झोप. मागची खोली झाडून ठेवली आहे, सकाळी तुला कुणी उठवणार नाही.

तुझी,
मावशी