नात्याचे नाव : समलिंगी सहजीवन आणि मराठी भाषा

मराठीतील लिंगविचार केवळ व्याकरणापुरता मर्यादित नाही. माणसांच्या दैनंदिन जगण्यातही त्याचे परिणाम जाणवतात. प्रस्तुत घटकात समलिंगी सहजीवनाच्या संदर्भात हा विचार करू.

विवेचन

पालमसारख्या तालुक्याच्या गावी दोन स्त्रिया एकत्र संसार करीत आहेत, अशी कल्पना करा. एक दळण आणते, दुसरी पाणी भरते. बाजारहाट, उसनवारी, आजारपण सारे सामाईक. घरमालक विचारतो, "तुम्ही एकमेकींच्या कोण?" या प्रश्नातील 'एकमेकींच्या' हे रूप, तसेच 'दोघी' हा शब्द, फक्त स्त्रियांसाठीच वापरला जातो. म्हणजे दोन स्त्रियांचे परस्परत्व सांगण्याची सोय आपल्या व्याकरणात आहे. तरीही उत्तर 'मैत्रिणी' किंवा 'मावसबहिणी' असे द्यावे लागते. कारण 'नवरा-बायको', 'पती-पत्नी' हे नातेवाचक जोडशब्द स्त्री आणि पुरुष मिळूनच घडलेले आहेत. रुग्णालयातील संमतिपत्रावर 'रुग्णाशी नाते' हा रकाना आला, की शब्दाची ही उणीव जिव्हारी लागते.

1981 मध्ये रंगभूमीवर आलेल्या विजय तेंडुलकरांच्या 'मित्राची गोष्ट' या नाटकाची नायिका सुमित्रा ऊर्फ मित्रा हिला स्त्रीविषयी ओढ वाटते. शीर्षकातील 'मित्राची' हे रूप 'मित्र' आणि 'मित्रा' या दोन्ही शब्दांचे होऊ शकते, हे लक्षात घ्यावे.

कायद्याच्या क्षेत्रातही अशीच स्थिती आहे. 6 सप्टेंबर 2018 रोजी सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांमधील संमतीचे समलिंगी संबंध गुन्ह्याच्या कक्षेतून वगळले. मात्र 17 ऑक्टोबर 2023 च्या निकालात समलिंगी विवाहास मान्यता नाकारली व हा विषय विधिमंडळाकडे सोपवला. 1954 च्या विशेष विवाह अधिनियमातील स्त्री-पुरुषवाचक शब्द, हा त्या वादातील एक कळीचा मुद्दा होता. पुढे 2024 मध्ये केंद्र सरकारने अशा जोडीदारांना शिधापत्रिकेसाठी एकाच कुटुंबातील मानावे, तसेच संयुक्त बँक खाते उघडण्यास त्यांना आडकाठी नाही, असे स्पष्ट केले.

समारोप

'जोडीदार' हा शब्द 'माझा' आणि 'माझी' या दोन्हींसह रूप न बदलता चालतो. भाषेपाशी शब्द आहे. तो रकान्यात लिहिण्याची मुभा समाजाने आणि कायद्याने द्यावयाची आहे.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न

1. 'दोघे', 'दोघी' आणि 'ती दोघे' यांतील लिंगभेद सोदाहरण स्पष्ट करा.
2. आपल्या परिसरातील एखाद्या शासकीय अर्जातील नातेवाचक शब्दांची नोंद करून त्यांतून कोणती नाती वगळली जातात, ते लिहा.